ओरेस्तेची बढती

सिंगापुरातल्या मराठी माणसाला दुःख नसते, असे आमच्या स्नेहवर्धक मंडळाच्या घटनेत कुठेही लिहिलेले नाही. पण लिहिले नाही म्हणून पाळायचे नाही असे थोडेच आहे? मी या मंडळाचा मानद चिटणीस, निशिकांत. पोटापाण्यासाठी रॅफल्स प्लेसच्या एका बँकेत अनुपालन विभागात असतो, म्हणजे इतरांनी नियम पाळले की नाही हे पाहण्याचा मला पगार मिळतो. तेव्हा पुढची हकीकत मी नियमाला धरूनच सांगणार आहे. कुणाला तीत टोमणा दिसला, तर तो त्याने उचलून आपल्या घरी न्यावा.

२०१४ साली आमच्या सभासदांना ओरेस्ते झाला. कांजिण्या होतात तसा. एका घरातून दुसऱ्या घरात. ओरेस्ते हा एका जुन्या इटालियन टीव्ही मालिकेचा नायक. आमच्या मंडळातल्या सुचित्राच्या ऑफिसातल्या मिलानच्या बाईंनी ती मालिका तिला पेन ड्राइव्हवर दिली, सुचित्राने उल्काला दिली, आणि बघता बघता हौगांगपासून जुरोंग ईस्टपर्यंत एकही मराठी घर असे राहिले नाही, जिथे शनिवारी जेवणं आटोपून सगळे ओरेस्तेसमोर बसत नव्हते. अशी पेन ड्राइव्ह फिरवणे कायद्यात बसते का, हे मी अनुपालन अधिकारी असल्यामुळे विचारले नाही. विचारले असते तर मला कळले असते.

हा ओरेस्ते छत्र्यांच्या कारखान्यात तक्रार विभागात कारकून असतो. छत्री पावसात उघडत नाही अशी तक्रार आली, की त्याने उत्तर लिहायचे, ‘पाऊस हे आमचे उत्पादन नाही.’ एवढे इमानेइतबारे करूनही पहिल्याच भागात त्याची नोकरी जाते. पुढे एका भागात सरकार त्याला चुकून मृत ठरवते. तो स्वतःच्याच अंत्ययात्रेला उशिरा पोहोचतो, आणि साहेब भाषणात म्हणतात, जिवंतपणी तरी हा कुठे वेळेवर यायचा! सोफ्याचा भाग तर विचारूच नका. त्याने हौसेने घेतलेला सोफा घराच्या दारातून आत जात नाही, म्हणून तो जिन्यातच सोफ्यावर राहू लागतो. नगरपालिका त्याला जिन्यात राहायला बंदी करते, पण सोफ्याला घर मंजूर करते. मग सोफा नव्या घरात जातो आणि ओरेस्ते त्याचा पाहुणा म्हणून, दर आठवड्याला मुदत वाढवून घेत.

हसून हसून पोट दुखायचे आणि शेवटी डोळ्यांत पाणी. उल्का, म्हणजे आमच्या अध्यक्षांची बायको, प्रत्येक भाग संपला की म्हणायची, “इतका गोड आहे ना मेला! असं वाटतं घरी आणावं आणि गरम गरम पोहे खायला घालावेत.” अध्यक्ष प्रबोधराव एका आयटी कंपनीत संचालक, जुरोंग ईस्टला मजलाभर ऑफिस. ते चष्मा पुसत म्हणायचे, “ओरेस्ते बघून ज्याला रडू येत नाही, त्याला मी माझ्या टीममध्ये घेणार नाही.” तेव्हा आम्ही सगळेच रडलो. त्यांच्याकडे त्या वेळी भरती चालू होती.

साहजिकच त्या वर्षीच्या गणेशोत्सवात ओरेस्तेचे मराठी नाटक करायचे ठरले. लेखन आणि दिग्दर्शन सुचित्राकडे. नायकाचे नाव दिगंबर ठेवले. आडनाव ठेवले नाही, कारण कुठलेही आडनाव सुचवले की त्या आडनावाचे दोन तरी सभासद ‘आम्हीच का?’ म्हणून उठून उभे राहात.

पण काम करणार कोण? आमच्याकडे नवा माणूस भेटला, की नाव, कंपनी, हुद्दा आणि राहण्याचे ठिकाण या क्रमाने ओळख सांगायची रीत आहे. नाव विसरले तरी चालते. अशा समाजात नोकरी गेलेला, घर नसलेला, बायकोनेही सोडलेला इसम रंगमंचावर कोण होणार? एकाचा पीआरचा, म्हणजे इथे कायम राहण्याच्या परवान्याचा, अर्ज पडून होता. दुसऱ्याचे साहेब नाटकाला येणार होते. तिसरा म्हणाला, माझ्या सासूबाई येणारेत, त्यांचं आधीच माझ्याबद्दल ते मत आहे. शेवटी कोपऱ्यात खुर्च्या लावणारा पद्माकर म्हणाला, “मी करू का?”

पद्माकर हौगांगला सरकारी वसाहतीतल्या भाड्याच्या एचडीबी फ्लॅटमध्ये राहायचा. बायको नंदा, मुलगी श्रिया. एका माल वाहतूक कंपनीत सॉफ्टवेअर सपोर्टचे काम. मंडळात कुणालाही कुठले काम नको असले, की ते त्याच्याकडे जायचे. नशीब म्हणाल तर असे, की हा रांग बदलायचा आणि सोडलेली रांग पळत सुटायची. इथे फूड कोर्टात टेबलावर टिश्यूचे पाकीट ठेवून जागा धरायची पद्धत आहे. सगळे सिंगापूर त्या पाकिटाचा मान राखते. पद्माकर पाकीट ठेवून ताट घेऊन परत येईतो कुणीतरी त्याच्याच टिश्यूने टेबल पुसून जेवायला बसलेले असायचे. हा बापडा ताट हातात घेऊन त्यांना म्हणायचा, “सावकाश होऊ द्या.”

पहिल्या तालमीला तो बंद छत्री हातात घेऊन नुसता उभा राहिला आणि आम्ही खुर्च्यांवरून पडलो. काय माणूस हो! काही करावेच लागायचे नाही त्याला. सुचित्रा मला म्हणाली, “निशिकांतराव, याला दिग्दर्शन करायचं म्हणजे फक्त दार उघडायचं.”

आता, नाटक मंडळाचे असल्यामुळे संहिता कार्यकारिणीपुढे येणे भाग होते. बैठक प्रबोधरावांच्या कॉन्डोच्या, म्हणजे खासगी श्रीमंती सोसायटीच्या, फंक्शन रूममध्ये. प्रबोधरावांनी पहिले पान वाचले आणि चष्मा काढला.

“पहिल्याच प्रवेशात याची नोकरी जाते?”

“मालिकेत तसंच आहे की,” सुचित्रा म्हणाली. “तुम्ही त्या भागाला रडला होतात.”

“अगं, तो इटालियन आहे! इटलीत जाऊ दे ना कुणाची जायची ती. हा आपला आहे. समोर प्रमुख पाहुणे असणार, प्रायोजक असणार, इथे वाढणारी आपली पोरं असणार. काय संदेश जाईल? मराठी माणसाला इथे काढून टाकतात?”

“मग काय करू?”

“त्याने स्वतःहून सोडली असं दाखव. अधिक चांगल्या संधीसाठी.”

मुद्दा बिनतोड होता. दिगंबरने अधिक चांगल्या संधीसाठी नोकरी सोडली. आता एवढी चांगली संधी मिळालेला माणूस छत्र्यांच्या कारखान्यात कशाला राहील, म्हणून त्याला बँकेत घेतले. अंत्ययात्रेच्या प्रवेशावर उल्काने हरकत घेतली, की बाप्पा शेजारच्या खोलीत बसलेले असताना हे अभद्र कशाला? तिथे दिगंबरचा सत्कार घातला. सत्काराला तो उशिरा पोहोचतो, यावर मी हरकत घेतली. मराठी माणसाच्या वक्तशीरपणाचा प्रश्न होता. तो वेळेवर पोहोचला. मग आला सोफा. आमचे मुख्य प्रायोजक कॉन्डो विकणारे गृहस्थ. ते म्हणाले, आमच्या दारातून सोफा आत जात नाही असं लोकांना दाखवायला मी जाहिरात देऊ? तेव्हा दार रुंद केले आणि घराला समुद्राचा देखावा दिला.

“म्हणजे सोफा सरळ आत येतो,” सुचित्रा म्हणाली. तिचा आवाज चिरका झाला होता. “तो त्यावर बसतो. आणि मग?”

“मग समुद्र बघतो,” उल्का म्हणाली.

“बायको सोडून जाते, ते तरी ठेवू?”

“कामानिमित्त दौऱ्यावर जाते असं कर. आणि परत येते.”

तिसऱ्या बैठकीअखेर दिगंबर संपूर्ण आशियाचा उपाध्यक्ष झाला होता आणि त्याला प्रत्येक प्रवेशात एक बढती होती. सुचित्राने संहिता टेबलावर आपटली. “यात विनोद कुठे उरला?” मी तिला शांतपणे समजावले, की विनोद पद्माकर करेल, त्याच्या ते अंगातच आहे. ठराव संमत झाला.

त्यानंतरच्या रविवारी पद्माकर तालमीला आला तो अर्धा केक घेऊन. नंदाही बरोबर होती.

“केक कसला रे?” प्रबोधरावांनी विचारले.

“ऑफिसातून दिला. माझी नोकरी गेली.”

आम्ही हसलो.

“काम पुण्याला हलवलं. पुण्याच्या पोरांना सगळं काम मीच शिकवत होतो दिवाळीपासून. मला वाटलं, बढती द्यायची असेल म्हणून जबाबदारी काढून घेताहेत.”

आता मात्र कहर झाला. एकजण हसता हसता टेबलाखाली गेला. सुचित्रा ओरडली, “थांब, थांब, लिहून घेते!” पद्माकर छत्री घेऊन उभा राहायचा तसाच केक घेऊन उभा होता. “केक पूर्णच देणार होते,” तो म्हणाला, “पण साहेबांच्या सेक्रेटरीचा वाढदिवस निघाला.”

“सुंदर! अप्रतिम!” प्रबोधराव डोळे पुसत म्हणाले. “पण पद्माकर, नोकरी जायचा प्रवेश आपण कापलाय ना?”

“तो नाटकातला कापलाय, प्रबोधराव.”

यावर आम्ही टाळ्या दिल्या. मग नंदा म्हणाली, “खरंच गेलीय हो.” ती काही अभिनेत्री नव्हती, त्यामुळे सगळे गप्प झाले. तोवर केक संपत आला होता.

इथे नोकरी गेली की पास, म्हणजे राहायची परवानगी, जातो. पास गेला की आवराआवर करायला थोडे दिवस मिळतात. तेवढ्यात दुसरी नोकरी लागली तर राहायचे, नाहीतर निघायचे. श्रियाची प्राथमिक शाळेची शेवटची मोठी परीक्षा गणपतीनंतर लगेच होती. ती इथलीच जन्मलेली; पुणे तिला आजोबांच्या फोनमधून दिसायचे तेवढेच ठाऊक. “निदान तिची परीक्षा होईपर्यंत तरी राहायला मिळावं,” नंदा म्हणाली. आणि पद्माकरने विचारले, “प्रबोधराव, तुमच्याकडे जुरोंग ईस्टला सपोर्ट मॅनेजरची जागा आहे ना?”

“आहे की!” प्रबोधराव म्हणाले. “बघू ना. तू आपलाच माणूस.”

सगळ्यांना बरे वाटले. पण चिटणीस म्हणून माझ्या डोक्यात किडा वळवळू लागला होता. मंडळाच्या नियमाप्रमाणे रंगमंचावर पाय ठेवायचा तर माणूस सभासद हवा, आणि सभासद व्हायचे तर त्याच्याकडे नोकरीचा पास किंवा पीआर किंवा नागरिकत्व हवे. पद्माकरकडे आता यातले काहीच राहणार नव्हते. शिवाय त्याचे काम होते आशियाच्या उपाध्यक्षाचे. ज्याला स्वतःला नोकरी नाही तो चार बढत्या मिळवतो, हे प्रेक्षकांना पटणार कसे? तातडीची बैठक बोलावली.

“दुसरा नट घ्या,” एकजण म्हणाला.

“दुसरा घेतला तर नाटक पडेल,” सुचित्रा म्हणाली. “या संहितेत हसण्यासारखं आता फक्त पद्माकर आहे.”

पेच मोठा होता. तो अखेर मीच सोडवला, हे सांगायला मला संकोच वाटत नाही. नियमभंग होतो केव्हा? आपल्याला ठाऊक असते तेव्हा. म्हणून मी ठराव मांडला, ‘श्री. पद्माकर यांच्या नोकरीबाबत कार्यकारिणीला काहीही ठाऊक नाही, याची कार्यकारिणीने नोंद घेतली आहे.’ सर्वानुमते संमत झाला. प्रबोधरावांनी माझी पाठ थोपटली.

पुढचे सगळे या ठरावातून क्रमाने आले, त्याला कुणाचा इलाज नाही. पद्माकरने त्याच आठवड्यात प्रबोधरावांना फोन केला. मी तेव्हा त्यांच्याच शेजारी बसलो होतो आणि फोन स्पीकरवर होता.

“त्या जागेचं विचारायचं होतं.”

“कुठल्या जागेचं? अरे, तुला नोकरी आहे ना?”

“नाही ना.”

“असं कसं? कार्यकारिणीचा ठराव आहे. नोकरी असलेल्या माणसाला मी नोकरी कशी देऊ? उद्या लोक म्हणतील, अध्यक्ष सभासदांच्या कंपन्यांतून माणसं पळवतात.”

पद्माकर म्हणाला, “मग नोकरी नाही असं धरून चाला.”

“तसं धरलं की तू सभासद राहात नाहीस. आणि सभासद नसलास तर आपली ओळख कुठली? बिनओळखीच्या माणसाचं नाव मी एचआरला काय म्हणून सांगू?”

“हेही खरंच,” पद्माकर म्हणाला. तो असाच होता. समोरच्याचे म्हणणे त्याला लगेच पटायचे.

“प्रयोग होऊ दे. मग बोलू निवांत.”

त्या ‘मग’वर पद्माकर तग धरून होता. आम्हाला ठाऊक नसण्यात अडचण येऊ नये म्हणून तो रोज सकाळी टाय लावून, एमआरटीच्या मेट्रोने रॅफल्स प्लेसला येऊ लागला. तिथे सभासद भेटतात. मलाही भेटायचा, सरकत्या जिन्यावर.

“काय, ऑफिसला?” मी विचारायचो.

“हो.”

“छान.”

टाय नीट बांधलेला असायचा. दुपारी तो फूड कोर्टात बसलेला दिसायचा, समोर टिश्यूचे पाकीट. मी दुसऱ्या बाजूने जायचो, कारण दिसले असते तर ठाऊक झाले असते.

तो इतरत्र अर्जही करत होता. संदर्भ म्हणून त्याने माझे नाव दिले होते. बँकेतला माणूस, चिटणीस, वजन पडते. एका कंपनीतून फोन आला. बाईंनी विचारले, हे गृहस्थ कधी रुजू होऊ शकतील? मी नियमाला धरून उत्तर दिले, की आमच्या माहितीप्रमाणे ते सध्या नोकरीत आहेत. “पण ते तर म्हणतात की मोकळे आहेत,” बाई म्हणाल्या. मी म्हटले, त्यावर मला भाष्य करता येणार नाही. दुसऱ्या कंपनीतूनही फोन आला, त्यांनाही तेच सांगितले. माझ्या बोलण्यात कधी फरक पडत नाही. दोन्हीकडून त्याला नकार आला, आणि तो तालमीला आल्यावर मला म्हणाला, “तुम्हाला उगाच त्रास झाला माझ्यामुळे.” मी म्हटले, त्रास कसला, आपलाच माणूस तू.

नेपथ्याला सोफा हवा होता. कॉन्डोवाल्या सभासदांचे सोफे चामड्याचे आणि जड. शिवाय कोण देतो? पद्माकरने हौगांगहून स्वतःचा आणला. उपाध्यक्षाला साजेसा सूट त्याच्याकडे नव्हता, तो प्रबोधरावांनी दिला. बाह्या बोटांपर्यंत येत होत्या.

प्रयोगाचा दिवस उजाडला. हॉल गच्च. पहिल्या रांगेत प्रमुख पाहुणे, त्यांच्या शेजारी प्रबोधराव आणि उल्का. पडदा उघडला. दिगंबरने अधिक चांगल्या संधीसाठी नोकरी सोडली. लोक शांत. दिगंबर सत्काराला वेळेवर पोहोचला. कुणीतरी जांभई दिली. सोफा दारातून सरळ आत आला आणि मागच्या रांगांतले लोक वडे मिळतात का बघायला बाहेर गेले. विंगेत सुचित्रा भिंतीवर हळूहळू डोके आपटत होती.

दिगंबर सोफ्यावर बसला, रंगवलेल्या समुद्राकडे बघितले आणि म्हणाला, “आज माझी तिसरी बढती!” हॉलमध्ये कुणी हसले नाही. मला वाटते तो वाक्य विसरला. तो तसाच बसून राहिला. मग उठला, पुढे आला, आणि लोंबणाऱ्या बाह्यांनी हात जोडून पहिल्या रांगेला म्हणाला, “प्रबोधराव, हे काही खरं नाही हो.”

एकजण हसला.

“मला बढती नाही. मला नोकरीच नाही. पुण्याच्या पोरांना माझं काम मीच शिकवलं. ती हुशार निघाली.”

हॉल जागा झाला. बाहेर गेलेले वडे हातात घेऊन धावत परत आले.

“मी रोज टाय लावून रॅफल्स प्लेसला जातो. चिटणीस भेटतात. विचारतात, ऑफिसला का? मी हो म्हणतो. ते म्हणतात, छान.” सगळा हॉल माझ्याकडे वळून हसू लागला. मी खिलाडूपणाने हात केला. “हा सूट माझा नाही. समुद्र माझा नाही. सोफा तेवढा माझा आहे, पण तो परत न्यायचा कुठे ते ठाऊक नाही.”

लोक खुर्च्यांचे हात बडवत होते. प्रमुख पाहुण्यांना ठसका लागला. पद्माकरचा आवाज मध्येच फुटला, आणि त्या फुटण्याला जी टाळी पडली ती मंडळाच्या इतिहासात कुणाला पडली नसेल. “श्रियाची परीक्षा आहे हो,” तो म्हणाला. “तेवढी होऊ द्या. जुरोंग ईस्टची जागा अजून आहे का?”

“द्या की नोकरी!” मागून कुणीतरी ओरडले. मग सगळेच ओरडू लागले, “द्या की! द्या की!”

प्रबोधराव कलासक्त माणूस. ते उभे राहिले, प्रेक्षकांकडे वळले, दोन्ही हात वर केले आणि गरजले, “दिली!” सगळा हॉल उभा राहिला. पडदा पडला तरी टाळ्या थांबेनात. उल्का पदराने डोळे पुसत होती. “कित्ती गोड आहे मेला!” नंदा विंगेत खाली बसली होती, तोंडावर हात धरून. मी तिला म्हटले, वहिनी, जिंकलंत.

मुलांच्या रांगेत तेवढी एक कुरबुर झाली. शेजारचा मुलगा श्रियाला इथल्या ढंगाच्या इंग्रजीत म्हणाला, “युवर डॅड सो फनी लाह!” ती म्हणाली, “ही इज नॉट अ‍ॅक्टिंग.” आणि पुन्हा एकदा तेच म्हणाली, मोठ्याने. इथल्या मुलांना मराठी नाटकाची समज बेताचीच.

मेकअप रूममध्ये गर्दी ओसरल्यावर पद्माकर प्रबोधरावांजवळ आला. चेहऱ्यावर आनंद मावत नव्हता.

“प्रबोधराव, उद्या किती वाजता येऊ?”

“कुठे?”

“जुरोंग ईस्टला.”

प्रबोधरावांनी त्याच्याकडे मोठ्या मायेने बघितले. “अरे वेड्या, ते नाटकातलं!”

“पण तुम्ही सगळ्यांसमोर...”

“सगळ्यांसमोर म्हणूनच तर. आणि आता तूच विचार कर. माझ्या टीमची निम्मी माणसं हॉलमध्ये होती. तुला बघून ती खुर्चीवरून पडली. सोमवारी त्यांच्यापुढे तुला मॅनेजर म्हणून उभा करू? तू तोंड उघडशील आणि ते हसतील.”

“हेही खरंच,” पद्माकर म्हणाला. या वेळी त्याला ते म्हणायला जरा वेळ लागला.

श्रियाच्या परीक्षेआधी ते गेले. निघण्यापूर्वी पद्माकर आणि नंदा सूट धुऊन, इस्त्री करून परत द्यायला गेले होते. उल्काने तो दारातच घेतला. “या ना आत, पोहे केले असते,” ती म्हणाली, “पण आज आमच्याकडे ओरेस्तेचा शेवटचा भाग बघायला मंडळी येताहेत.” सोफा विमानात जाण्यासारखा नव्हता. तो माझ्याकडे आला. आमच्या दारातून सरळ आत आला, कुठे घासलासुद्धा नाही. मी आणि माझी बायको सविता त्यावर बसूनच टीव्ही बघतो. बसायला छान आहे.

वार्षिक सभेत ‘वास्तवदर्शी अभिनया’चा करंडक पद्माकरला जाहीर झाला. कामाच्या व्यापामुळे तो येऊ शकला नाही, असे मी निवेदनात म्हटले. कार्यकारिणीच्या माहितीप्रमाणे तो नोकरीत होता. करंडक कपाटात आहे.

नाटकाचे चित्रीकरण आम्ही इंटरनेटवर टाकले होते. तुम्हीही पाहिले असणार. कुणीतरी पाठवलेच असेल. खाली प्रतिक्रियांत लोक अजून विचारतात, हा गुणी माणूस सध्या कुठे असतो? आम्हाला ठाऊक नाही, आणि त्याचा ठराव आहे. पण ऐकतो ते असे, की तो तुमच्याच बाजूला असतो, पुण्यात, आणि ओळखीतून कुठे काही जमते का ते बघत फिरतो. तेव्हा तुमच्याकडेही येईल. टाय नीट बांधलेला असेल, बाहीशी चाळा करत उभा राहील, आणि तुम्ही बसा म्हणाल तोवर बसणार नाही. ओळखायला काही अवघड नाही. तो आपली अडचण सांगू लागेल, आणि तुम्हाला हसू यायला लागेल. आले, की समजा तोच.